सिमेंटचा बुद्ध

गुढियारीतल्या आमच्या विहारातली जुनी मूर्ती फोडायची असं ज्या सभेत ठरलं, त्या सभेचे अध्यक्ष माझे बाबा होते. आणि ती मूर्ती त्यांनीच घडवलेली होती.

बाबा रेल्वेच्या कारखान्यात ओतकाम करायचे. नोकरीसाठी भंडारा जिल्ह्यातून रायपूरला आले आणि गुढियारीत एका खोलीत राहिले. तिथे आमच्यासारखी बरीच घरं होती. आजोबांच्या पिढीने नागपूरला दीक्षा घेतलेली, पुढची पिढी रेल्वेत लागलेली. या मंडळींनी रविवारच्या रविवारी राबून विहार उभा केला. बाहेरून मूर्ती आणावी हे तेव्हा कोणाच्या मनातही आलं नाही. सळयांचा सांगाडा बांधला, त्यावर जाळी गुंडाळली आणि बाबांनी थापीने, नंतर नुसत्या हातांनी, सिमेंटचा बुद्ध केला. बायका घमेल्यांतून माल वाहत होत्या. मी तीन वर्षांची होते, त्यामुळे हे सगळं ऐकीव आहे. पण इतक्या वेळा ऐकलंय की मीही एखादं घमेलं उचललं होतं असं वाटतं.

बाबा साच्यात लोखंड ओतणारे, मूर्तिकार नव्हेत. त्यामुळे बुद्धाचे खांदे रुंद झाले, मान आखूड झाली आणि डावा कान उजव्यापेक्षा बोटभर लांब राहिला. आमचा बुद्ध रेल्वेत नोकरीला होता, असं आम्ही पोरं म्हणायचो. बाबा ऐकून हसायचे. दर बुद्धपौर्णिमेच्या आधी मूर्तीला ऑइलपेंट लागायचा, चीवराला पिवळा आणि अंगाला पांढरट. वर्षानुवर्षं थरावर थर चढून नाकाची धार गेली आणि डोळे जवळजवळ मिटले. सुंदर म्हणावी अशी ती मूर्ती नव्हतीच, पण आमच्या घरचं प्रत्येक लग्न तिच्यासमोर लागलं.

तीन वर्षांपूर्वी विहाराला थायलंडच्या एका दात्याकडून अष्टधातूची मूर्ती मिळाली. भनपुरीच्या ट्रान्सपोर्ट गोदामातून लाकडी पेटी टेम्पोत घालून आणली. पेटी उघडली, वरचा कागद दूर केला आणि सगळ्यांचे हात जोडले गेले. मीही हात जोडले. खरं सांगायचं तर मला ती फार आवडली. असा चेहरा माणसाच्या हातून होऊ शकतो याचंच नवल वाटलं.

अडचण एकच होती. जुनी मूर्ती आणि चौथरा हे एकाच वेळी बांधलेलं, एकसंध काम होतं. जुनी काढल्याशिवाय नवीन बसणार नव्हती आणि मिस्त्री म्हणाला की फोडल्याशिवाय ती निघणार नाही. मग सभा भरली. कमिटीतला सगळ्यात तरुण सभासद नवा रायपूरला कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. त्याला मराठी सगळं कळतं, पण उत्तर हिंदीत येतं. तो म्हणाला, "दादाजी, निकालने का कुछ उपाय करते हैं, फिर बाहर पीपल के नीचे रख देंगे."

"पिपळाखाली ठेवली तर महिनाभरात कोणी शेंदूर लावते, कोणी नारळ फोडते," बाबा म्हणाले. "तू ऑफिसात जाशीन. कोणाकोणाले अडवणार हाये?"

तसं होतं हे सगळ्यांना माहीत होतं. मागून कोणीतरी नदीत सोडायचं सुचवलं.

"ज्याच्यात देव आणून बसवला त्याचं विसर्जन करतेत. आपण यात देव बसवलाच कधी?" बाबा म्हणाले. "सिमेंट हाये ते. मी घडवली, मीच फोडतो. पहिला घण माझा. मंग कोणाच्या मनात काही राहणार नाही."

बाबा हे असेच आहेत. आमच्या घरी नारळ नाही, अंगारा नाही, तेरवी नाही. पाऱ्यात, म्हणजे आमच्या मोहल्ल्यात, कोणी गेलं की स्मशानात उभं राहून राख शेतात टाका, झाड लावा, हे सांगणारे तेच. त्यांच्या बोलण्यात खोट काढता येत नाही आणि म्हणून त्यांचा राग येतो. निम्मी सभा मनातून नाराज होती, पण हात सगळ्यांनी वर केले. बुद्धपौर्णिमेला महिना होता. त्या आधीचा एक रविवार मुक्रर झाला.

त्याच्या आठवडाभर आधीच्या शनिवारी मी गुढियारीला गेले. मी नवा रायपूरला सरकारी ऑफिसात आहे आणि राहतेही तिकडेच, शनिवार-रविवारी आईबाबांकडे येते. आई ओसरीवर चिंचा फोडत बसली होती. बाबा बाहेर गेले होते. मी तिच्यासमोर बसून चिंचोके काढायला लागले.

आई अशी फार बोलणारी नाही. खाली बघतच तिने विचारलं, "मागं आपण धातूच्या दर्शनाले गेलतो, आठवते का तुले?"

आठवत होतं. शहरात बुद्धाच्या अस्थी आणि केस दर्शनाला ठेवले होते. बाबांनी यायला साफ नकार दिला होता. बुद्ध धम्मात असते, केसात अन् दातात नसते, हे त्यांचं ठरलेलं वाक्य. आई महिला मंडळाच्या बायकांबरोबर ऑटोने गेली, मीही गेले. तीन तास उन्हात रांग. आत काचेच्या घुमटाखाली डोळ्यांना दिसेल न दिसेल असं काहीतरी होतं. परत येताना ऑटोत तिने एकच प्रश्न विचारला होता, हे केस पहिल्यांदा कोणी जपून ठेवले असतील. मी थकले होते. काहीतरी पुस्तकी उत्तर दिलं आणि विषय संपवला.

"ठेवले असतीन कोणीतरी लपवून," आता आई म्हणाली. "मी बी ठेवलं हाये."

मग तिने सांगितलं. माझ्याआधी एक मुलगा झाला होता. हे मला उडत उडत ठाऊक होतं. घरात त्याचा विषय मात्र कधीच निघत नसे. पहिलं बाळंतपण म्हणून ती माहेरी गेली होती, वैनगंगेकाठच्या गावी. सातव्या दिवशी बाळाची नाळ गळून पडली. आजीने ती उन्हात वाळवली आणि आईच्या पितळी कुंकवाच्या डबीत ठेवली. आमच्याकडे नाळ अशी जपून ठेवतात. नवव्या दिवशी बाळाला ताप भरला आणि दहाव्या दिवशी सकाळी ते गेलं. तान्ह्या मुलाला जाळत नाहीत, नदीकाठी पुरलं. बाबांना बारशाची सुट्टी मिळाली होती. निरोप पोचायच्या आत ते इथून निघाले होते. बाराव्या दिवशी ते अंगणात येऊन उभे राहिले तेव्हा दाखवायला कोणी नव्हतं.

"त्यायनं पाह्यलंच नाही त्याले," आई म्हणाली. "दुसऱ्या दिवशी परत ड्युटीवर. जाताना मले म्हणाले, गेलेलं धरून बसू नको. मंग मी धरून बसले हे त्याइले कसं सांगू?"

पुराच्या पाण्यात नदीकाठ सरकला आणि पुरलेली जागाही गेली. डबी तेवढी उरली. ती तिने ट्रंकेत, लुगड्यांच्या खाली, पाच वर्षं लपवली. विहारात मूर्तीचं काम चाललं होतं, तेव्हा मूर्तीचं पोट पोकळ होतं आणि ते विटांच्या तुकड्यांनी भरत होते. आईने घमेल्यात तुकड्यांच्या खाली डबी ठेवली आणि घमेलं पोटात रिकामं केलं.

"म्हणलं ट्रंकेत किती दिवस ठेवू. तिथी रोज लोकं येतीन, वंदना होईन. त्याले एकटं नाही वाटणार."

इतकी वर्षं आई रोज पहाटे विहार झाडायला जाते. पावसात गेली, गुडघे धरले तरी गेली. आम्ही तिला चिडवायचो, की तुला निर्वाण मिळणार ते झाडूमुळेच. तिला काय वाटत असेल तेव्हा, या विचाराने मला स्वतःची लाज वाटली.

"बाबांना सांग," मी म्हणाले. "आजच सांग. नाहीतर मी सांगते."

"नाही सांगायचं. माही शप्पथ हाये तुले." तिचा हात थांबला. "सांगितलं तर म्हणतीन काढून टाका. अन् नाही सांगितलं तर फोडल्यावर मलब्यात जाईन, कोणाले समजणार बी नाही. काढून टाका हे त्यायच्या तोंडून आयकण्यापरीस मलब्यात गेलेलं बरं."

"पण तुला काय पाहिजे?"

"मले काय पाहिजे. तो तिथी हाये तसा राहू द्या, बस."

पुढचा आठवडा मी फार वाईट काढला. बाबांना फोन करून जुन्या वस्तू जतन करण्यावर चार वाक्यं बोलले. ते म्हणाले, तुझ्या ऑफिसची भाषा घरी बोलू नको. ऑफिसात शेजारच्या टेबलावरची मैत्रीण ब्राह्मणपाऱ्यातली आहे, माहेर अमरावतीचं. तिला अर्धवटच सांगितलं, मूर्ती काढायची आहे एवढंच. ती सहज म्हणाली, "इतका काय विचार करून राहिली? आमच्याकडे खंडित झाली की महादेव घाटावर नेऊन नदीत सोडतात. हात जोडायचे, मोकळं व्हायचं." मोकळं व्हायची तिची वाट मला बंद होती आणि त्या दिवशी मला तिचा हेवा वाटला. आईची शपथ हे निमित्त होतं, हेही कबूल करायला हवं. पन्नाशी उलटली तरी मी बाबांना भीत होते. ते ओरडतील म्हणून नाही, ते बरोबर बोलतील म्हणून.

ठरल्या रविवारी सकाळी आठ वाजता विहारात वीस-पंचवीस माणसं जमली. नवी मूर्ती कोपऱ्यात पांढऱ्या कापडाखाली होती. त्रिसरण-पंचशील झालं. आई नव्हती. पहाटे झाडून घरी परतली ती पुन्हा आली नाही. बाबा पांढरा शर्ट घालून आले होते आणि हातात कारखान्याच्या दिवसांतला घण होता. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माणसाला तो उचलताना बघून तरुण सभासद पुढे झाला. बाबांनी त्याला हातानेच बाजूला केलं. ते स्टुलावर चढले, तोल सावरायला मूर्तीच्या गुडघ्यावर डावा हात ठेवला आणि घण नीट धरला. मी पुढे गेले. आज शपथ मोडायची हे माझं ठरलं होतं. पण तोंड उघडेना.

"थांबा जी."

आई दारात होती. पांढरं लुगडं, चपला बाहेर काढून आत आलेली. तिने आवाज चढवला नाही. विहारात ती कधी बोललीच नव्हती, त्यामुळे सगळ्यांचं लक्ष तिच्याकडे गेलं.

"त्याच्या पोटात डबी हाये," ती म्हणाली. "आपल्या पोट्ट्याची नाळ हाये त्यात. पहिल्याची."

बाबा स्टुलावर तसेच उभे राहिले. त्यांना कळलं नाही असं नाही. ते मूर्तीच्या पोटाकडे बघत होते.

"कधी टाकली?"

"पोट भरत होते तवा."

"मी तिथीच होतो."

"हव. तुमी वरून सिमेंट लावलं."

बाबा खाली उतरले. घण जमिनीवर ठेवला आणि स्टुलावर बसले. रुळांकडून मालगाडीचा आवाज आला आणि थांबला.

"मले काहून नाही सांगितलं?"

"तुमी टाकू देल्ली असती?"

खोटं बोलून त्या क्षणी सगळं गोड करता आलं असतं. बाबांनी विचार केला आणि म्हणाले, "नाही."

मग ते उठले. आयुष्यभर सभेला सांगणाऱ्या माणसाने सभेसमोर हात जोडले. त्यांना तसं बघून मला रडू आलं. ते म्हणाले, "फोडायचं सभेनं नव्हतं ठरवलं. मी तुमच्याकडून ठरवून घेतलं. आता एक मागतो. ही मूर्ती इथी ठेवता येत नाही, अन् नव्या मूर्तीखाली ती डबी बी ठेवता येत नाही. लोकं बुद्धापुढं वाकतेत, त्याइले फसवायचं नाही. मले ही घरी नेऊ द्या. यात माहा पोरगा हाये."

"दादाजी," तरुण सभासद म्हणाला, "इसमें पूछना क्या है." त्याचे डोळे भरले होते. मागच्या एका म्हाताऱ्याने, जो बाबांबरोबर सांगाडा बांधायला होता, नुसतं नाक शिंकरलं.

दोन दिवस काम चाललं. दगड कापायच्या मशीनने चौथरा तळाशी कापला. कारखान्यातल्या जुन्या मंडळींनी वजन उचलायची चेनकुप्पी आणली आणि साखळ्यांनी मूर्ती इंच इंच उचलली. मिस्त्री आधी फोडावीच लागेल म्हणाला होता, तोच आता हळू, हळू असं ओरडत होता. उचलताना डाव्या गुडघ्याला तडा गेला. बाबांनी ताबडतोब खाली हात दिला, जणू त्यांच्या हाताने तीन क्विंटल वजन पेललं जाणार होतं. ठेल्यावर रजया अंथरून, त्यावर मूर्ती आडवी ठेवून ती घरी आणली. रस्त्यात लोक विचारत होते काय आहे, आणि बाबा प्रत्येकाला थांबून सांगत होते, घरचं आहे.

अंगणात नळाच्या पलीकडे भिंतीला टेकून मूर्ती बसवली. बाबांनी मेणबत्ती लावली नाही, फूल ठेवलं नाही. आईनेही हात जोडले नाहीत. ती फक्त दुपारी काम घेऊन मूर्तीजवळ बसायला लागली. दोघांचं बोलणं मात्र थांबलं होतं. भांडण नव्हतं. जेवायला वाढणं, औषध देणं, सगळं चालू होतं. पण पन्नास वर्षं न बोललेली गोष्ट एकदा बोलून झाल्यावर पुढे काय बोलतात, हे दोघांनाही माहीत नसावं.

विहारात नवीन मूर्ती बसली. बुद्धपौर्णिमेला मोठी गर्दी झाली आणि पहाटे झाडायला आई गेलीच. मी विचारलं, आता काहून जाते? ती म्हणाली, "काहून म्हणजे? विहार कोण झाडन?" मला हसू आलं आणि बरंही वाटलं.

त्यानंतरच्या शनिवारी मी गेले तेव्हा संध्याकाळ होत होती. ऊन उतरलं होतं. आईने अंगणात पाणी शिंपडून चहा केला होता. मी पायरीवर बसले, आई मूर्तीशेजारी पाटावर. बाबा खुर्चीत होते. त्यांनी कप खाली ठेवला आणि आईकडे न बघता विचारलं.

"कोणावर गेला होता तो?"

मला वाटलं आई सांगेल, तुमच्यावर, नाहीतर माझ्या भावावर, असं काहीतरी. बायका सांगतात तसं. तिने पदराने तोंड पुसलं.

"मले आठवत नाही जी," ती म्हणाली. "लय वर्सं आठवत होता. कपाळ, हनुवटी, समदं. मंग एक एक करून गेलं. कवा गेलं ते बी नाही समजलं."

बाबांनी मान वळवून तिच्याकडे पाहिलं.

"आता डोळे मिटले का याचंच तोंड येते समोर," तिने मूर्तीकडे हात केला. "तुमी केलं ते."

बाबा खुर्चीचा हात धरून उठले. मूर्तीसमोर आले आणि सावकाश खाली बसले. गुडघे दुखत असूनही बसले. मूर्तीच्या पाया पडताना मी त्यांना आयुष्यात पाहिलेलं नाही आणि त्या दिवशीही ते पाया पडले नाहीत. त्यांनी दोन्ही हातांनी तो चेहरा धरला, लहान मुलाचा धरतात तसा, गालांवर अंगठे ठेवून. खूप वेळ बघितलं. मग त्यांना रडू फुटलं.

मी उठायला लागले. आईने मान हलवून मला खाली बसायला सांगितलं आणि त्यांना रडू दिलं.